सामाईक विहीर आणि अर्धा ‘र’

पिंजौर हे चंदीगडहून कालक्याकडे जाताना लागणारे हरियाणातले गाव. आपल्याकडच्या माणसाला ते ठाऊक असलेच तर दोन कारणांनी. एक, औरंगजेबाचा दूधभाऊ फिदाई खान याने सतराव्या शतकात घातलेली बाग. आणि दुसरे, एच.एम.टी.चा कारखाना. तिथे १९६३ पासून यंत्रे बनवणारी यंत्रे तयार होऊ लागली आणि १९७१ पासून चेकोस्लोव्हाकियाच्या झेटर कंपनीच्या तंत्रज्ञानाने ट्रॅक्टर. मी नोकरीनिमित्त त्या भागात राहत असताना या कारखान्यातून निवृत्त झालेल्या एका मराठी गृहस्थांची ओळख झाली. आम्ही त्यांना काका म्हणत असू. ते मात्र मला वयाने लहान असूनही ‘साहेब’ म्हणत.

सन २००१ च्या हिवाळ्यात एका रविवारी काका एक फ्लॉपी घेऊन आले. सातारा जिल्ह्यातल्या त्यांच्या वडिलोपार्जित जमिनीचा दावा चालू होता. वकिलांनी कैफियतीचा मसुदा तयार केला होता, त्यांच्या टंकलेखकाने तो संगणकावर टंकला होता आणि पुतण्याने तो फ्लॉपीवर घालून पाठवला होता. काकांनी वाचून होकार द्यायचा, की तो छापून सहीसाठी येणार. फाईल माझ्या संगणकावर उघडली, पण पडद्यावर मराठीचा मागमूस नव्हता. रोमन अक्षरे, पौंडाचे चिन्ह, डोक्यावर टिंबे असलेले युरोपीय स्वर, मध्येच महिरपी कंस. आकडे तेवढे शाबूत होते. गट नंबर वाचता येत होता, तारीख वाचता येत होती. त्या तारखेला काय घडले हे मात्र वाचता येत नव्हते.

“साहेब, पुतण्या म्हणतो, काका, काही विशेष नाही, होकार कळवा,” काका म्हणाले. “पण तीस वर्षं कारखान्यात काढली. ड्रॉइंग वाचल्याशिवाय सही केली नाही.”

मसुदा ज्या मराठी टंकलेखनाच्या पॅकेजमध्ये टंकला होता त्याची सीडी मिळवायला मला तीन आठवडे लागले. ते बसवल्यावर मात्र मजकूर लख्ख दिसला. काकांनी चष्मा लावून तो ओळीवर बोट ठेवून वाचला आणि चौथ्या परिच्छेदावर थांबले. सामाईक विहिरीत त्यांचा हिस्सा चार आण्यांचा होता. मसुद्यात ‘दोन आणे’ लिहिले होते, तेही अक्षरांत, म्हणजे पहिल्या दिवशी जो भाग आम्हाला दिसतच नव्हता त्यात. चूक टंकलेखकाची की आणखी कोणाची, या वादात ते शिरले नाहीत. दुरुस्ती कळवली, एवढेच.

याच प्रकरणाने मला एक दुसरा धडा दिला, आणि आजचा लेख खरे तर त्याविषयी आहे. ते पॅकेज बसवल्यानंतर आठवड्याभरात माझ्या संगणकावरचा, त्याच्याशी काडीचा संबंध नसलेला हिशेबाचा प्रोग्रॅम उघडेनासा झाला. पडद्यावर एक चौकट यायची. तिचा मथितार्थ असा की, अमुक फाईलला तमुक फाईलमधले एक काम हवे आहे आणि ते तिथे सापडत नाही. त्या फाईलच्या नावाच्या शेवटी तीन अक्षरे होती: डीएलएल. मी हिशेबाचा प्रोग्रॅम काढून पुन्हा बसवला. तो सुरू झाला आणि मराठीचे पॅकेज बंद पडले. सरकारी नोकराला हे दृश्य अपरिचित नसावे. एका विभागाची धारिका मंजूर झाली की दुसऱ्याची अडते, आणि दोघेही एकाच परिपत्रकाचा आधार देत असतात.

डीएलएल म्हणजे डायनॅमिक लिंक लायब्ररी. यातल्या ‘लायब्ररी’ या शब्दाचा जन्म चांगलाच जुना आणि अगदी शब्दशः आहे. केंब्रिज विद्यापीठात १९४९ साली एडसॅक नावाचा संगणक चालू झाला. वर्गमूळ काढणे, उत्तर छापणे अशी कामे प्रत्येक गणितात पुन्हा पुन्हा लागत. ती एकदाच नीट लिहून, तपासून, कागदी फितींवर भोके पाडून एका कपाटात ओळीने ठेवलेली असत. ज्याला हवी त्याने फीत काढायची, यंत्रावर तिची नक्कल आपल्या फितीत उतरवून घ्यायची आणि मूळ फीत जागेवर ठेवायची. मॉरिस विल्क्स, डेव्हिड व्हीलर आणि स्टॅन्ली गिल या तिघांनी १९५१ मध्ये या पद्धतीवर पुस्तकच लिहिले. ही झाली ग्रंथालयातून उतारा लिहून घेण्याची रीत. उतारा एकदा तुमच्या वहीत आला की पुढे मूळ ग्रंथ बदलो वा हरवो, तुमचे काही अडत नाही.

दुसरी रीत उतारा न घेता नुसता हवाला देण्याची: ‘त्या ग्रंथातले ते प्रकरण पाहा.’ प्रोग्रॅम चालू होईल तेव्हा संगणकाने स्वतः जाऊन ते प्रकरण आणायचे. साठच्या दशकात एम.आय.टी., बेल लॅब्ज आणि जनरल इलेक्ट्रिक यांनी मिळून उभारलेल्या मल्टिक्स या प्रणालीत ही कल्पना पूर्णत्वाने होती. सर्वसामान्यांच्या टेबलावर ती आली नोव्हेंबर १९८५ मध्ये, विंडोजच्या पहिल्या आवृत्तीबरोबर. त्या विंडोजला किमान २५६ किलोबाइट स्मृती पुरे होती. आज मोबाईलवर काढलेले एक छायाचित्रही त्यात मावणार नाही. एवढ्याशा जागेत एकाच वेळी दोन-तीन प्रोग्रॅम चालवायचे आणि प्रत्येकाने खिडकी रंगवण्याचे, अक्षर काढण्याचे, कळफलक वाचण्याचे सामान स्वतःबरोबर आणायचे, हे शक्यच नव्हते. म्हणून ती कामे कर्नल, युजर आणि जीडीआय या तीन सामाईक भागांत ठेवली गेली. स्मृतीत त्यांची एकच प्रत असे आणि सगळे प्रोग्रॅम तीच वापरत. पुढे प्रत्येक कंपनी अशा फायली बनवू लागली.

थोडक्यात, ही आपल्याकडची सामाईक विहीर. चार भावांनी चार विहिरी खणण्यापेक्षा एक खणायची, आणि सातबाऱ्याच्या ‘इतर हक्कां’त प्रत्येकाचा हिस्सा नोंदवायचा. खर्च एकदाच, गाळ एकदाच काढायचा, पाणी सगळ्यांना. भांडण कशावरून होते हे महसूल खात्यात काम केलेल्या कोणालाही विचारावे. पाणी कमी पडल्यावरून होते त्यापेक्षा कितीतरी अधिक भांडणे, एका हिस्सेदाराने इतरांना न विचारता विहिरीत काही बदल केला, यावरून होतात.

डीएलएलचे नेमके तेच झाले. संगणक ही फाईल ओळखत असे ती केवळ नावावरून. फाईलच्या पोटात आवृत्तीचा क्रमांक लिहिलेला असे आणि नवा प्रोग्रॅम बसवताना तो पाहावा, जुन्याने नव्यावर पाय देऊ नये, असा संकेतही होता. पण संकेत म्हणजे नियम नव्हे, आणि नियम म्हणजे अंमलबजावणी नव्हे. कित्येक प्रोग्रॅम बसताना आपल्या सीडीवरची फाईल सरळ सामाईक फोल्डरमध्ये टाकत. तिथली त्याच नावाची फाईल पुसली जाई. कधी नव्याच्या जागी जुनी येई आणि नव्या सोयींवर विसंबलेले प्रोग्रॅम कोसळत. कधी जुन्याच्या जागी नवी येई आणि जुन्यातल्या एखाद्या दोषालाच सोय समजून लिहिलेले प्रोग्रॅम कोसळत. एमएसव्हीसीआरटी, एमएफसी४२, कॉमसीटीएल३२ ही नावे त्या काळात संगणक दुरुस्त करणाऱ्यांच्या तोंडी असत. या सगळ्या प्रकाराला ‘डीएलएल हेल’, म्हणजे डीएलएलचा नरक, असे नाव पडले.

विंडोजने यासाठी एक नोंदवही ठेवली होती. कोणती सामाईक फाईल किती प्रोग्रॅम वापरतात याचा आकडा तीत असे. प्रोग्रॅम बसला की एकाने वाढवायचा, काढला की एकाने घटवायचा, शून्य झाला की फाईल पुसण्यास हरकत नाही. मला या व्यवस्थेचे मोठे कौतुक वाटले, आणि तितकेच हसूही आले. नोंदवही खरी राहण्यासाठी प्रत्येक येणाऱ्याने आणि जाणाऱ्याने प्रामाणिकपणे नोंद केली पाहिजे. ज्यांनी फाईल नुसती उचलून ठेवली त्यांची नोंदच नसे. मग प्रोग्रॅम काढताना प्रश्न येई: ही सामाईक फाईल आता कोणीही वापरत नाही असे दिसते, पुसू का? जाणकार नेहमी ‘नको’ म्हणत. बोजा उतरवल्याची नोंद नाही म्हणून वर्षानुवर्षे सातबाऱ्यावर राहिलेली सोसायटीची कर्जे मी पाहिली आहेत. संगणकाच्या पोटात तशाच बेवारशी फायली साचत गेल्या.

युनिक्सच्या घराण्यात हा प्रश्न तुलनेने लवकर सुटला. सनओएस ४.० ने १९८८ मध्ये सामाईक ग्रंथालये आणली आणि त्या परंपरेत आवृत्तीचा क्रमांक फाईलच्या नावातच घालण्याची शिस्त रुजली. लिनक्सवर क्रमांक ५ चे आणि क्रमांक ६ चे सी-ग्रंथालय एकाच यंत्रावर शेजारी शेजारी राहू शके, कारण ती दोन वेगळ्या नावांची दोन माणसे होती. साधी गोष्ट, पण नाव हीच ज्याची एकमेव ओळख, त्याच्या बाबतीत निर्णायक.

विंडोजचे उत्तर टप्प्याटप्प्याने आले. विंडोज २००० ने महत्त्वाच्या फायलींची राखीव प्रत एका वेगळ्या फोल्डरमध्ये ठेवली. कोणी बाहेरचा त्यांवर हात टाकू लागला की प्रणाली गुपचूप मूळ फाईल परत जागेवर ठेवी. विंडोज एक्सपीने २००१ मध्ये त्यापुढे जाऊन अनेक आवृत्त्या एकत्र नांदवण्याची सोय केली. प्रोग्रॅमने आपल्याबरोबर एक जाहीरनामा आणायचा, त्यात ‘मला अमुक आवृत्तीच हवी’ असे लिहायचे, आणि संगणकाने तीच द्यायची. नरक संपला, हे खरे. पण एका विहिरीच्या चार विहिरी झाल्या, हेही खरे. ज्या काटकसरीसाठी हा खटाटोप सुरू झाला होता ती बरीचशी हातची गेली. अर्थात तोवर स्मृती स्वस्त झाली होती.

हे सारे वाचताना मला सारखी आठवण होत होती ती आपल्या कायद्यातल्या एका जुन्या भेदाची. एखादा अधिनियम दुसऱ्या अधिनियमातल्या तरतुदी दोन प्रकारे आपल्याशा करू शकतो: अंतर्भावाने किंवा संदर्भाने. अंतर्भाव म्हणजे केंब्रिजची फीत; त्या दिवशीचा मजकूर उतरवून घेतला, पुढे मूळ कायदा बदलला तरी इथे फरक पडत नाही. कलकत्ता सुधारणा अधिनियम, १९११ मध्ये भूमी संपादन अधिनियम, १८९४ च्या तरतुदी अशा अंतर्भूत होत्या. भूमी संपादनाच्या कायद्यात १९२१ मध्ये अपिलाविषयी जी सुधारणा झाली ती कलकत्त्याच्या कायद्याला लागू होत नाही, असे प्रिव्ही कौन्सिलने १९३१ मध्ये ठरवले. उलट, भ्रष्टाचार प्रतिबंधक अधिनियम, १९४७ मध्ये ‘लोकसेवक’ या शब्दासाठी भारतीय दंड संहितेच्या कलम २१ कडे बोट दाखवले होते. कलम २१ मध्ये १९५८ आणि १९६४ साली सुधारणा झाल्या आणि सरकारी कंपन्यांचे कर्मचारीही त्यात आले. भोपाळच्या हेवी इलेक्ट्रिकल्समधल्या एका कर्मचाऱ्याच्या खटल्यात प्रश्न उभा राहिला: या सुधारणा १९४७ च्या कायद्यात वाचायच्या की नाहीत? मध्य प्रदेश राज्य विरुद्ध एम. व्ही. नरसिंहन या १९७५ च्या निर्णयात सर्वोच्च न्यायालयाने त्या वाचायच्या असे सांगितले.

म्हणजे १९४७ च्या कायद्यातल्या त्या शब्दाला कोणी हात न लावता देशभरच्या सरकारी कारखान्यांतले लोक लोकसेवक झाले, पिंजौरचेही. काकांना मी हे सांगितले तेव्हा ते म्हणाले, “म्हणजे आम्ही झोपेत सरकारी झालो म्हणायचे.” डीएलएलची फाईल बदलली की तिच्यावर विसंबलेला प्रत्येक प्रोग्रॅम असाच झोपेत बदलतो.

आता मराठीकडे वळतो.

देवनागरी पडद्यावर काढणे हे रोमन लिपी काढण्यासारखे एकापुढे एक ठसे मारण्याचे काम नाही. ‘कि’ लिहिताना आपण आधी ‘क’ म्हणतो, मग ऱ्हस्व इकार. दिसताना वेलांटी आधी दिसते. ‘कार्य’मधला र उच्चारात य च्या आधी आहे, पण कागदावर तो य च्या डोक्यावर चढतो. जोडाक्षरे तर वेगळीच. तेव्हा साठवलेला क्रम आणि दिसणारा आकार यांच्यामध्ये कोणीतरी मांडणी करणारा लागतो. हा मांडणीकार कुठे बसवायचा, याचा इतिहास हाच भारतीय भाषांच्या संगणकीकरणाचा निम्मा इतिहास आहे.

ऐंशीच्या दशकात तो बसवला गेला एका कार्डावर. आय.आय.टी. कानपूरमध्ये सुरू झालेले हे काम १९८८ मध्ये पुण्यात स्थापन झालेल्या सी-डॅककडे आले आणि जिस्ट कार्ड म्हणून कार्यालयांत पोहोचले. संगणकाच्या पोटात ते खोचले की डॉसवरच्या साध्या प्रोग्रॅममध्येही देवनागरी उमटे. साठवणुकीसाठी इस्की हे प्रमाण होते. १९९१ मध्ये ते भारतीय मानक म्हणून प्रसिद्ध झाले. मग विंडोज आली, कार्ड मागे पडले, आणि नव्वदच्या दशकात प्रत्येक विक्रेत्याने आपला मांडणीकार आपल्या पॅकेजमध्ये घातला. त्याचबरोबर बहुतेकांनी अक्षरांचे तुकडे रोमन अक्षरांच्या घरांत आपापल्या क्रमाने बसवले. काकांच्या फ्लॉपीत पौंडाचे चिन्ह का दिसत होते, याचे उत्तर हे. ती मराठी नव्हतीच. ते एका विक्रेत्याचे ठसे होते आणि ठशांची पेटी सातारा जिल्ह्यात राहिली होती. प्रत्येकाची खाजगी विहीर, आणि प्रत्येक विहिरीला वेगळ्या मापाचा दोर.

विंडोज २००० मध्ये हा मांडणीकार पहिल्यांदा सामाईक झाला. यूएसपी१०.डीएलएल हे त्या फाईलचे नाव. युनिस्क्राइब या नावाने ती ओळखली जाते. मजकूर युनिकोडमध्ये, म्हणजे उच्चाराच्या क्रमाने साठवायचा, आणि तो दाखवायची वेळ आली की प्रत्येक प्रोग्रॅमने या एका फाईलला विचारायचे. सोबत मंगल हा टंक आला. त्याची रचना र. कृ. जोशी यांच्या देखरेखीखाली झाली, मुंबईच्या आय.आय.टी.त शिकवलेले, आणि पुढे देवनागरीच्या संगणकीय टंकांत आयुष्य घातलेले हे सुलेखनकार २००८ मध्ये वारले. आज जगात जिथे जिथे विंडोजवर मराठी वाचली गेली, तिथे एका मराठी माणसाचे वळण बहुतेकांच्या डोळ्यांखालून गेले आहे. त्यातल्या फार थोड्यांना त्यांचे नाव माहीत असेल.

२००४ मध्ये काकांच्या पुतण्याने थेट युनिकोडमध्ये पत्र पाठवले. या वेळी अक्षरे होती, पण विस्कटलेली: वेलांट्या चुकीच्या बाजूला, जोडाक्षरांच्या जागी पाय मोडलेली अक्षरे. परदेशात किंवा परप्रांतात राहणाऱ्या त्या काळच्या मराठी वाचकांना पुढचा विधी आठवत असेल. एक्सपीच्या कंट्रोल पॅनलमध्ये प्रादेशिक भाषांच्या खिडकीत जायचे, क्लिष्ट लिप्यांच्या फायली बसवा असे सांगणाऱ्या चौकोनात खूण करायची, संगणक विंडोजची मूळ सीडी मागणार. ती कोणाकडेच नसे. चंदीगडच्या एका मित्राची सीडी आणली, खूण केली, संगणक पुन्हा चालू केला.

आणि मग जे झाले त्याचे मला आजही अप्रूप वाटते. केवळ ते पत्र सुधारले नाही. नोटपॅड, वर्ड, ब्राउझर, फायलींची नावे, सगळीकडे एकाच क्षणी मराठी उमटू लागली, आणि यांपैकी एकाही प्रोग्रॅमला मी हात लावला नव्हता. २००१ मध्ये ज्या व्यवस्थेला मी शिव्या घातल्या होत्या तिनेच हे केले होते. काकांनी पत्र वाचले. दाव्याचा निकाल लागला होता, विहिरीतला चार आणे हिस्सा कायम झाला होता.

सामाईक पाण्याचा दुसरा गुणधर्म मात्र पिंजौरच्याच बागेने मला सांगितला होता. तिथे सात टप्पे आहेत आणि इतर मुघल बागांप्रमाणे ते प्रवेशापासून वर न चढता खाली उतरत जातात. वरून सोडलेला एकच पाट सगळ्या कारंज्यांना पुरतो. आख्यायिका अशी सांगतात की, नवाब येऊन राहिला हे आसपासच्या राजांना रुचले नाही. त्यांनी गलगंड झालेल्या बायका जनानखान्यात पाठवल्या आणि त्यांच्याकरवी सांगितले, इथल्या हवापाण्याने सगळ्यांचेच गळे असे होतात. बेगमा घाबरल्या आणि नवाबाला मुक्काम हलवावा लागला. हिमालयाच्या पायथ्याशी आयोडीनच्या कमतरतेने गलगंड होत असे, ते खोटे नव्हे. एका पाण्यावर राहणाऱ्यांचा दोषही एकच असतो.

मराठीचा गळा सुजला तो अर्ध्या ‘र’वर. ‘अधिकाऱ्यांनी’, ‘शेतकऱ्यांना’, ‘कर्मचाऱ्यांचे’ या शब्दांत र चे जे आडवे, पापणीसारखे रूप येते ते हिंदीत नाही. मराठीला मात्र त्यावाचून चालत नाही: ‘आचार्यास’ बोलावणे म्हणजे गुरूला बोलावणे, ‘आचाऱ्यास’ बोलावणे म्हणजे स्वयंपाक्याला, दर्या वेगळा, दऱ्या वेगळ्या. युनिकोडने यासाठी ऱ हे अक्षर आणि हलन्त अशी रीत सांगितली, आणि जुन्या मजकुराच्या सोयीसाठी दुसरी एक मान्य केली: साधा र, हलन्त आणि त्यापुढे एक अदृश्य जोडचिन्ह. पडद्यावर दोन्ही सारखी दिसतात, पोटात वेगळी असतात. एका रीतीने लिहिलेला ‘अधिकाऱ्यांनी’ दुसऱ्या रीतीने शोधला तर संगणक सापडला नाही म्हणतो. शिवाय ते अदृश्य चिन्ह वाटेत एखाद्या प्रोग्रॅमने निरुपयोगी समजून गाळले की र सरळ डोक्यावर चढतो आणि ‘अधिकार्यांनी’ होते. शासनाच्या कागदात सर्वांत जास्त वेळा येणारा शब्द बहुधा हाच असेल. तो चुकीचा उमटला म्हणून आदेश रद्द होत नाही. पण वीस वर्षांनी कोणी अभिलेखांत शोध घेतला तर निम्मे अधिकारी गैरहजर असतील.

महाराष्ट्र शासनाने ६ नोव्हेंबर २००९ च्या निर्णयाने मराठी वर्णमाला आणि अक्षरांची वळणे प्रमाणित केली. मराठी वळणाचे ल आणि श त्यात आले. पण मांडणी करणारी फाईल शासनाच्या हाती नव्हती. ती दूरवरच्या एका कंपनीच्या हाती होती, आणि तिच्या सुधारित आवृत्त्या विंडोजबरोबर, कधी ऑफिसबरोबर येत. ऑफिस आपली प्रत आपल्याच फोल्डरमध्ये ठेवी, म्हणून एकाच संगणकावर वर्डमध्ये शब्द बरोबर दिसे आणि ब्राउझरमध्ये चूक. सामाईक फोल्डरातली प्रत बदलायला जावे तर विंडोजचा पहारेकरी जुनी परत ठेवी. तेव्हा निरनिराळ्या भारतीय भाषांतल्या हौशी लोकांनी युक्ती काढली. प्रोग्रॅम सामाईक फाईल शोधताना आधी स्वतःच्या फोल्डरमध्ये पाहतो. तर नवी यूएसपी१० तिथेच नेऊन ठेवायची. सामाईक विहिरीचे पाणी बेचव म्हणून आपल्या बांधाआड कूपनलिका! मीही ती घेतली.

या सवयीची दुसरी बाजू नंतर कळली. प्रोग्रॅम ओळखीच्या नावाची फाईल जवळ दिसली की ती विश्वासाने उचलतो, मग ती कोणी का ठेवली असेना. ऑगस्ट २०१० मध्ये मायक्रोसॉफ्टने याच धोक्याविषयी जाहीर सूचना काढली: त्रयस्थाने ठेवलेली तोतया फाईल प्रोग्रॅमकडून चालवली जाऊ शकते. नावावर विश्वास ठेवण्याची ती जुनी खोड.

आज चित्र पुन्हा पालटले आहे. यूएसपी१० अजून विंडोजमध्ये आहे, पण बरेच प्रोग्रॅम तिच्याकडे जात नाहीत. क्रोम आणि फायरफॉक्स हार्फबझ नावाचा मुक्त मांडणीकार आपल्यासोबतच आणतात. लिबरऑफिसनेही २०१७ मध्ये, ५.३ या आवृत्तीपासून, सर्व प्रणालींवर तोच स्वीकारला. म्हणजे प्रत प्रत्येकाची वेगळी, पण पाठ एक. आणि त्या पाठात चूक असेल तर ती दाखवून दुरुस्ती सुचवण्याचा मार्ग कोणालाही खुला. अंतर्भाव आणि संदर्भ यांच्या मधली ही वाट सामाईक विहिरीच्या कायद्याला अजून सुचलेली नाही.

पिंजौरचा ट्रॅक्टर कारखाना बंद करण्याचा निर्णय केंद्र सरकारने २०१६ मध्ये घेतला. काका तो ऐकायला नव्हते. त्यांच्या पुतण्याला आता विहिरीचे जुने कागद हवे होते, म्हणून त्या फ्लॉपीवरून कधीतरी उतरवून ठेवलेली कैफियतीची फाईल मी या वर्षी उघडली. पौंडाची चिन्हे जशीच्या तशी होती. ठशांवरून युनिकोड करणारा एक प्रोग्रॅम मिळाला. त्याने सबंध मजकूर दोन सेकंदांत मराठीत आणला. ‘चार आणे’ बरोबर आले, गट नंबर बरोबर आला. फक्त अर्धा र सगळीकडे डोक्यावर चढला होता. अकरा ठिकाणी तो मी हाताने खाली उतरवला आणि फाईल साताऱ्याला पाठवून दिली.